कायद्याची वाट : मारले नाही, तरी खुनाचा आरोपी?

प्रश्न : मुले पळवणारा असल्याच्या संशयावरून आमच्या गावात एका परक्या माणसाला पंधरा-वीस जणांनी मारहाण केली आणि त्यात तो दगावला. घटना गेल्या वर्षीची आहे. माझा पुतण्या तेथे मोबाइलवर चित्रीकरण करत होता. त्याने हात उचलला नाही, मात्र ‘सोडू नका’ असे तो ओरडल्याचे एक साक्षीदार सांगतो. पोलिसांनी त्यालाही खुनाचा आरोपी केले आहे. हे कायद्याला धरून आहे का?

उत्तर : होय, असा आरोप ठेवता येतो. भारतीय न्याय संहितेच्या कलम १९० नुसार (१ जुलै २०२४ पूर्वी भारतीय दंड संहितेचे कलम १४९) पाच किंवा अधिक जणांच्या बेकायदेशीर जमावातील एकानेही समाईक उद्देश साधण्यासाठी गुन्हा केला, किंवा तसा गुन्हा घडण्याचा संभव जमावातील लोकांना ठाऊक होता, तर त्या वेळी जमावात सामील असलेला प्रत्येक जण त्या गुन्ह्यास जबाबदार ठरतो. कोणाचा घाव जिव्हारी लागला, हे सिद्ध करावे लागत नाही.

खरा वाद ‘सामील’ कोणाला म्हणायचे, यावर होईल. केवळ तेथे हजर असल्याने कोणी जमावाचा घटक होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५० च्या दशकात ‘बलादीन’ खटल्यात म्हटले होते. पण १९६४ च्या ‘मसल्टी’ निकालाने ते विधान त्या खटल्यातील वस्तुस्थितीपुरते असल्याचे सांगितले आणि प्रत्येकाने स्वतः काही कृत्य केलेच पाहिजे, ही अपेक्षा नाकारली. त्याच निकालात, मोठ्या जमावाच्या खटल्यात दोन-तीन साक्षीदारांनी सुसंगतपणे ओळखलेल्यालाच दोषी धरावे, ही कसोटी सावधगिरीचा उपाय म्हणून मान्य झाली. तुमच्या पुतण्याच्या बाजूने सर्वांत भक्कम मुद्दा मला हाच दिसतो, कारण ओरडल्याचे सांगणारा साक्षीदार एकच आहे. मात्र ते शब्द खुद्द चित्रफितीत ऐकू येत असतील, तर ही कसोटी फारशी कामाची नाही. चिथावणी देणारा बघ्या राहत नाही. फोनमधून काही पुसू मात्र नये, कारण पुरावा नाहीसा करणे हा कलम २३८ खाली स्वतंत्र गुन्हा आहे, शिवाय नुसता बघ्या असल्याचा पुरावाही कदाचित त्याच फितीत असेल.

नव्या संहितेतील झुंडबळीची तरतूद, कलम १०३(२), येथे लागू होईलच असे नाही. वंश, जात वा समाज, लिंग, जन्मस्थान, भाषा, वैयक्तिक श्रद्धा किंवा तत्सम कारणावरून पाच वा अधिक जणांनी संगनमताने केलेला खून त्यात मोडतो. धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे १ जुलै २०१८ रोजी भटक्या समाजातील पाच जणांचा बळी घेणारी मुले पळवण्याची अफवा, किंवा तुमच्या गावातली, या यादीत सरळ बसत नाही. ‘परका’ म्हणून मारले, असे म्हणत सरकार पक्ष जन्मस्थानाचा आधार घेऊ पाहील; तो टिकेल का, याविषयी मला शंका आहे. तरीही आरोपीला त्यातून मोठा दिलासा मिळत नाही, कारण साध्या खुनाच्या कलम १०३(१) मध्येही मृत्युदंड किंवा जन्मठेप हीच शिक्षा आहे आणि कलम १९० तिथपर्यंत पोहोचवतेच.