कापणाऱ्याला ‘संकलक’ का म्हणायचं?

एका वाचकाचा प्रश्न आहे: ब्रिटिश फिल्म एडिटर अ‍ॅन व्ही. कोट्स यांच्यावर लिहिताना त्यांना ‘संपादिका’ म्हणावं की ‘संकलक’? आणि एडिटर जर फिल्म कापतो, तर ‘गोळा करणे’ अशा अर्थाचा शब्द मराठीने का घेतला?

माझं मत ‘संकलक’. हिंदीत चित्रपटालाही ‘संपादन’ चालतं, मराठी श्रेयनामावलीत मात्र ‘संकलन’ पक्कं रुजलंय. ‘संपादन’ म्हणजे मुळात मिळवणं, सिद्धीस नेणं. म्हणून आपण विश्वास संपादन करतो, यश संपादन करतो. पुढे तो शब्द वर्तमानपत्राचा आणि ग्रंथाचा झाला, तिथे तो छान शोभतो.

‘संकलन’ची गंमत वेगळी आहे. जुन्या गणितात तो बेरजेचा शब्द. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त ‘संकलित’ म्हणजे बेरीज, ‘व्यवकलित’ म्हणजे वजाबाकी. कापणं ही वजाबाकी, मग एडिटरचं काम बेरजेचं कसं? याचं उत्तर कोट्सबाईंच्याच कामात आहे.

‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ (१९६२) मध्ये लॉरेन्स जळती काडी फुंकरीने विझवतो आणि क्षणात पडदाभर वाळवंटाचं क्षितिज येतं, सूर्य उगवू लागतो. पटकथेत तिथे डिझॉल्व्ह होता, म्हणजे एक दृश्य विरत दुसरं उमटणार होतं. पण कच्च्या प्रतीत डिझॉल्व्ह अजून घातलेले नव्हते, दोन शॉट नुसते एकापुढे एक जोडलेले होते. तसं पाहिल्यावर तो थेट कटच दिग्दर्शक डेव्हिड लीन आणि कोट्स दोघांनाही आवडला. तो अगदी नेमका कर, असं लीन यांनी सांगितलं आणि कोट्सनी दोन फ्रेम काढल्या. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे वजाबाकी झाली सेकंदाच्या बाराव्या भागाची! पण फुंकर आणि सूर्योदय शेजारी आल्यावर जे जाणवतं, ते दोन्हींपैकी एकाही शॉटमध्ये सुटं सापडत नाही. मला ‘संकलन’ शब्द इथे पटतो.

त्यांची सुरुवातही सांधण्यापासूनच झाली. आधी त्या परिचारिका होत्या. मग धार्मिक लघुपटांच्या प्रिंट दुरुस्त करण्याच्या कामाला लागल्या. १९५२च्या ‘द पिकविक पेपर्स’पासून २०१५च्या ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’पर्यंत त्यांनी रहस्यपट, थरारपट, प्रेमकथा सगळं हाताळलं. ‘आउट ऑफ साइट’ (१९९८) मध्ये बारमधलं संभाषण आणि त्यानंतरचा खोलीतला एकांत हे दोन वेगळे काळ त्यांनी वेणीसारखे गुंफले आहेत. जरूर पाहा.

इतर भाषांतही ही ओढाताण आहेच. इंग्रजीत ‘कटिंग रूम’, जर्मनमध्ये ‘श्निट’ म्हणजे काप. फ्रेंचांनी मात्र ‘मोंताज’ म्हटलं, म्हणजे जुळणी. मराठी शब्द फ्रेंचच्या पंगतीला बसतो.

राहिलं स्त्रीलिंग. लेखक-लेखिका या चालीवर ‘संकलिका’ व्याकरणाने बरोबर आहे, पण माझ्या कानाला ती पुस्तिका, मार्गदर्शिका यांची बहीण वाटते. मराठीत क्रियापद लिंग सांगतंच, तेव्हा सरळ लिहा: ‘संकलक अ‍ॅन कोट्स १९६३ साली ऑस्करच्या मानकरी ठरल्या, २०१६ मध्ये त्यांना मानद ऑस्करही मिळालं.’