चार कोडी एक

प्रश्न असा आहे: "एका बातमीत वाचलं, 'कोबी ब्रायंटने एका सामन्यात 81 गुणांक नोंदवले आणि कारकिर्दीत 25 वेळा अर्धशतक झळकावले. समकालीन चेंबरलेन (118) व जॉर्डन (31) मात्र त्याच्या पुढे आहेत.' बास्केटबॉलमध्ये अर्धशतक म्हणतात का? आणि 'गुणांक' बरोबर की 'गुण'?"

गुण. संपलं. 'गुणांक' या शब्दाने अलीकडे उच्छाद मांडलाय. दहावीचा निकाल लागला की पोरांना 'गुणांक' मिळतात, कबड्डीत चढाईपटू 'गुणांक' घेऊन येतो. घर्षणाचा गुणांक असतो, बुद्धिगुणांक असतो. दोन राशींचं नातं सांगणारा आकडा तो. '81 गुणांक' वाचून मला तर बिचाऱ्याच्या बुद्धीचीच चाचणी घेतली की काय असं वाटलं. 'गुण' हा दोन अक्षरी शब्द लिहायला लाज का वाटते कळत नाही. शेपूट लावलं की शब्द भारदस्त होतो, हा समज आपल्याकडे फार.

खेळाडूच्या नावाला हसणाऱ्यांसाठी जाता जाता: तो कोबीच. त्याच्या आईवडिलांनी जपानी हॉटेलात जे नाव पाहिलं ते शहर 'कोबे', पण अमेरिकेत त्याचा उच्चार कोबी झाला. आपल्या भाजीचा याच्याशी काही संबंध नाही. ती पोर्तुगीज 'कोव्ह'वरून आली.

आता 'समकालीन'. विल्ट चेंबरलेन 1973मध्ये शेवटचा सामना खेळला आणि कोबी जन्मला ऑगस्ट 1978मध्ये. हे समकालीन कसे? जॉर्डनचं एक वेळ चालेल. कोबी 1996ला आला, जॉर्डन 2003ला कायमचा गेला, आणि त्या शेवटच्या मार्चमध्ये कोबीने जॉर्डनच्या संघावर 55 गुण चढवले. बातमीदाराला म्हणायचं होतं 'तोडीचे'. या तोडीकडे मी परत येणार आहे, कारण ती फार सुंदर चीज आहे.

अर्धशतकाबद्दल थोडक्यात. शब्द क्रिकेटचा, आणि क्रिकेटमध्ये तो रोजचा. एका डावात दोघातिघांनी पन्नास केले तर कोणी मान वर करून बघत नाही. अमेरिकेतल्या एनबीए या बास्केटबॉल लीगमध्ये मात्र एका सामन्यात पन्नास गुण म्हणजे दुसऱ्या दिवशीचा मथळा. तिथे 'अर्धशतक' लिहिलं की वाचकाला ते मिडविकेटला दोन धावा काढण्याइतकं सोपं वाटतं. शिवाय पन्नास हा आकडा त्या खेळाचा नाहीच. त्या खेळाचा आकडा वीस आहे, आणि आता मुद्द्याला येतो.

इंग्रजी 'स्कोअर' शब्द घ्या. आपण त्याचा अर्थ गुणसंख्या, धावसंख्या असा करतो. मूळ शब्द प्राचीन नॉर्सचा, 'स्कोर', आणि त्याचा अर्थ खाच. काठीवर चाकूने पाडलेली खाच. मेंढ्या मोजायच्या, वीस झाल्या की काठीवर एक खाच पाडायची आणि पुन्हा एकपासून सुरुवात. म्हणून त्याच शब्दाला 'वीस' असाही अर्थ आला आणि तो आजही इंग्रजीत जिवंत आहे. 1863मध्ये गेटिसबर्गच्या भाषणाची सुरुवात लिंकनने 'चार स्कोअर आणि सात' वर्षांनी केली, म्हणजे 87. खाचा मोजून जो हिशोब व्हायचा तो पुढे खेळाचा 'स्कोअर' झाला.

हे वाचलं तेव्हा मला आमची आजीच आठवली. ती उन्हाळ्यात गोवऱ्या थापायची आणि पावसाआधी विकायची. घेणारी बाई समोर टोपली घेऊन बसलेली. आजी दोन दोन गोवऱ्या उचलून टाकायची, ओठ हलायचे, वीस भरल्या की चुलीतल्या विझलेल्या कोळशाने भिंतीवर एक रेघ. "कोडी झाली गं." पुन्हा पहिल्यापासून. अक्षरओळख नव्हती, पण शेवटी रेघांवर बोट फिरवून ती बिनचूक सांगायची, "चार कोडी आन् एक." ती एक जास्तीची गोवरी वर टाकलेली असायची, तिचे पैसे नसायचे.

चार कोडी आणि एक म्हणजे 81!

22 जानेवारी 2006, लॉस एंजेलिस, समोर टोरोंटो. मध्यंतराला कोबीचे 26 गुण झाले होते आणि त्याचा संघ लेकर्स 14 गुणांनी मागे होता. उत्तरार्धात त्याने एकट्याने 55 केले. लेकर्स 122-104 जिंकले, त्यातले 81 त्याचे. आता गंमत बघा. हरलेला संघ कॅनडाचा. त्या देशाची दुसरी राजभाषा फ्रेंच, आणि फ्रेंचमध्ये 81ला म्हणतात 'कात्र-व्हँ-अँ'. शब्दशः चार-वीस-एक. म्हणजे माँट्रियलमधल्या माणसाने दुसऱ्या दिवशी ही बातमी आमच्या आजीच्या भाषेत ऐकली. (2019 साली दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'एकवीस'च्या जोडीला 'वीस एक' छापलं तेव्हा मराठी बुडाली म्हणून ऊर बडवणाऱ्यांनी 'चार कोडी एक'मध्ये एक कुठे येतो तेवढं पाहावं.)

आणि आता पन्नासची पट्टी फेकून वीसची काठी हातात घ्या. कोबीचे खरे समकालीन कोण? ॲलन आयव्हर्सन, ट्रेसी मॅकग्रेडी, लेब्रॉन जेम्स, कार्मेलो अँथनी. यांचा एका सामन्यातला उच्चांक अनुक्रमे 60, 62, 61, 62. चौघेही तिसऱ्या खाचेवर येऊन थांबलेले! जणू काठी तिथेच संपत होती. मागे जा. जॉर्डनचा उच्चांक 69, तोही 1990मध्ये जादा वेळ धरून. तिसरी खाच. डेव्हिड रॉबिन्सन 71, डेव्हिड थॉम्प्सन 73. तिसरीच. 2024मध्ये लुका डॉनचिचने 73 केले, गडी अजून तिसऱ्या खाचेवर. कोबीने चौथी पाडली आणि वर आजीची ती एक गोवरी. पन्नासच्या हिशोबात हे सगळे एकाच पंगतीत बसतात, 60 काय आणि 81 काय, 'अर्धशतकवीर'. वीसच्या हिशोबात कोण कुठे उभा आहे ते आंधळ्यालाही चाचपून कळेल. खाच चाचपताच येते.

पाचवी खाच विल्ट चेंबरलेनची. 2 मार्च 1962, पेनसिल्व्हेनियातलं हर्शी गाव, न्यू यॉर्क निक्सविरुद्ध बरोबर शंभर. त्याच हंगामात त्याची सरासरी 50.4 होती. सरासरी! त्या सामन्याची चित्रफीत नाही. हातात '100' लिहिलेला कागद धरलेला एक फोटो, शेवटच्या सत्राचं ध्वनिमुद्रण आणि गुणलेखकाने केलेल्या खुणा, एवढाच पुरावा. म्हणजे शेवटी खाचच.

गुणलेखकाच्या खुणांबद्दल अधिकाराने बोलतो, कारण कॉलेजात असताना आंतरमहाविद्यालयीन सामन्यांना मी त्या टेबलावर बसलोय. तक्त्यावर 1 ते 160 आकडे आधीच छापलेले असतात. बास्केट झाली की संघाच्या नव्या एकूण गुणांच्या आकड्यावर तिरकी रेघ मारायची, फ्री थ्रो झाला की भरीव ठिपका द्यायचा, तीन गुणांची असेल तर खेळाडूच्या क्रमांकाभोवती गोल करायचा. आकडा लिहायचाच नाही, फक्त खोडत जायचं. कोळसा आणि भिंत तेवढी बदलली.

आता 'कोडी' आली कुठून? इथे माझं अनेकांशी वाजतं. एक पक्ष म्हणतो, संस्कृत 'कोटि'. ध्वनीच्या नियमात बसतं हे खरं: घोटकाचा घोडा, कटकाचं कडं, तसं कोटीची कोडी. पण अर्थाचं काय? एक कोटीवरून थेट वीसवर? एवढी घसरण शेअर बाजारातसुद्धा होत नाही. प्रत्येक देशी शब्दाच्या कपाळाला संस्कृतचं गंध लावल्याशिवाय ज्यांना जेवण जात नाही त्यांनीच हे पटवून घ्यावं. दुसरा पक्ष, 1920च्या दशकात फ्रेंच पंडित ज्याँ प्शिलुस्की यांनी मांडलेला, की बंगालीतली 'कुडी' आणि आपली 'कोडी' हा शब्द मुंडा घराण्याच्या ऑस्ट्रो-आशियाई कुळातला. हा मला पटतो, आणि पटतो तो मेळघाटामुळे. तिथले कोरकू मुंडा कुळातलीच भाषा बोलतात. त्यांच्या भाषेत 'कोरो' म्हणजे माणूस, आणि 'कोरकू' म्हणजे माणसं. माणसाला बोटं किती? हाताची दहा, पायाची दहा. एक माणूस भरला की वीस. कोरो, कोडी!

हो, मला माहीत आहे. मुंडा कुळातल्याच संथाळीत विसाला 'इसी' म्हणतात, कोडी नाही. जो शब्द मुंडांनी दिला तो खुद्द मुंडाच का वापरत नाहीत, हा आक्षेप मला तीन जणांनी तीन वेळा ऐकवलाय. उत्तर सोपं आहे: घरातली भांडी शेजाऱ्याकडे राहतात आणि आपण नवी घेतो. पटो न पटो. पण जरा विचार करा. बास्केटबॉलमध्ये मैदानावर एका संघाचे खेळाडू किती? पाच. पाच माणसं, पाच कोडी, शंभर बोटं. चेंबरलेनने त्या रात्री आपल्या पाचही जणांची हातापायाची बोटं मोजून होतील एवढे गुण एकट्याने केले. हा योगायोग आहे हे मला कळतं. पण इतका देखणा योगायोग टाकून देणारा माणूस शब्दांच्या नादाला लागूच नये.

तर 'तोड'. 'तोडीस तोड', 'त्याच्या तोडीचा'. एक जाणकार स्नेही ठामपणे सांगतात की ही तोड 'तोल'वरून आली, तराजूची दोन पारडी समान म्हणून. असेल. मग 'तोलीस तोल' का नाही म्हणत? माझ्या मते ही तोडण्याचीच तोड आहे. पूर्वी युरोपात उधारीचा हिशोब काठीवर खाचा पाडून ठेवत आणि ती काठी उभी चिरत. अर्धी सावकाराकडे, अर्धी कुळाकडे. फेडीच्या दिवशी दोन्ही चिरफळ्या जोडून बघायच्या. खाचेला खाच भिडली तर हिशोब खरा. (इंग्रज सरकारने अशा जुन्या काठ्या 1834मध्ये जाळायला घेतल्या आणि त्यांच्या आगीत पार्लमेंटची बहुतेक इमारत जळाली. हिशोब जाळणाऱ्यांचं असं होतं.) आपल्याकडेही अशी काठी असणार आणि 'तोडीस तोड' म्हणजे खाचेस खाच. कोशात हे शोधायला जाऊ नका, मिळणार नाही. हे माझं.

या अर्थाने कोबीची तोड शोधायची तर 20 डिसेंबर 2005ची रात्र बघा. समोर डॅलस. तिसरं सत्र संपलं तेव्हा डॅलसच्या संपूर्ण संघाचे गुण 61 आणि एकट्या कोबीचे 62. चिरफळ्या जोडून पाहा, एक खाच त्याच्याकडेच जास्त निघते. चौथ्या सत्रात तो बाकावर बसून राहिला.

विचारलं होतं अर्धशतकाचं. लिहायचं तर लिहा, कोणी फाशी देणार नाही. फक्त त्याच बातमीच्या शीर्षकात, प्रश्नासोबत कात्रण आलंय म्हणून दिसलं, 'कोबीने 25 वेळा गाठली पन्नाशी' असं आहे. मराठीत पन्नाशी गाठतो तो माणूस वयाने. कोबी ब्रायंट 26 जानेवारी 2020ला हेलिकॉप्टर अपघातात गेला, तेरा वर्षांची मुलगी सोबत होती. तो 41 वर्षांचा होता. 'पन्नास किंवा अधिक गुण 25 वेळा केले' एवढं लिहा.