बिग फोर लीग दोनच हंगामांत का बंद पडली?

प्रश्न : मुलगा कॅनडात कॅलगरीला असतो. तिथल्या जुन्या ‘बिग फोर’ आइस हॉकी लीगबद्दल त्याच्याकडून ऐकलं. ती इतक्या लवकर का संपली? – एक वाचक, नाशिक

उत्तर : पैशामुळे. अल्बर्टा प्रांतातली ही लीग 1919 ते 1921 अशी दोनच हंगाम चालली. कॅलगरीचे दोन संघ, एडमंटनचे दोन. कागदोपत्री सगळे हौशी, कारण हौशी संघांनाच मिळणाऱ्या अ‍ॅलन चषकावर डोळा होता. पण बाहेरगावचे नामांकित खेळाडू फुकट खेळायला येतात यावर कोण विश्वास ठेवणार? खेळाडूंच्या पात्रतेवरून संघ एकमेकांवर तुटून पडले आणि लीग मोडली.

मला मात्र या लीगबद्दल फार आपुलकी आहे, ती रेड डटनमुळे. पहिल्या महायुद्धात, 1917 मध्ये फ्रान्समधल्या विमी रिजच्या लढाईत तोफगोळ्याच्या तुकड्यांनी त्याचा पाय फाटला. डॉक्टर पाय कापायला निघाले होते, त्याने ठाम नकार दिला. तोच गडी 1920-21 मध्ये कॅलगरी कॅनेडियन्सकडून बर्फावर उतरला! पुढे तो एनएचएलचा, म्हणजे उत्तर अमेरिकेतल्या सर्वांत मोठ्या व्यावसायिक आइस हॉकी लीगचा, अध्यक्षही झाला.

लीग मेली, पण तिचे संघ मेले नाहीत. 1921 मध्येच कॅलगरी टायगर्स आणि एडमंटन एस्किमोज उघडपणे व्यावसायिक झाले आणि रेजायना, सॅस्कटूनच्या संघांसह वेस्टर्न कॅनडा हॉकी लीगमध्ये उतरले. एडमंटनने 1923 मध्ये आणि कॅलगरीने 1924 मध्ये स्टॅन्ली चषकाची, म्हणजे व्यावसायिक हॉकीतल्या सर्वोच्च चषकाची, अंतिम फेरी गाठली. दोघेही हरले, तरी माझ्या मते ही कमाई बिग फोरचीच.