आजीच्या टॅबलेटची बॅटरी संपली तेव्हा

प्रिय सानू,

आजी सांगलीला सुखरूप पोचली. तिचा फोन आला तेव्हा तू शाळेत होतीस. आज तिच्या खोलीतल्या चादरी काढायला गेले, तर खिडकीपाशी ते लाकडी स्टँड दिसलं, ज्याला ती टॅबलेट टेकवून ठेवायची. तुझा प्रश्न पुन्हा आठवला.

त्या शनिवारी आपल्याकडे सकाळचे दहा वाजले होते, म्हणजे मुंबईत संध्याकाळचे साडेसात. सिद्धिविनायकाची आरती चालू होती. आजी डोक्यावर पदर घेऊन, हात जोडून बसली होती. मध्येच बॅटरी संपली आणि स्क्रीन काळा झाला. आजी डोळे मिटून तशीच आरती म्हणत राहिली. तू कॉर्नफ्लेक्सचा बाऊल घेऊन दारात उभी होतीस. "आई, आता ती कोणाला नमस्कार करतेय? देवही बॅटरीवर चालतो का?" तू हसलीस. त्यात वाईट काही नव्हतं, मला माहीत आहे. पण तू इंग्रजीत बोललीस आणि आजीला इंग्रजी कळतं. तिने डोळे उघडले नाहीत, आवाज मात्र जरा खाली आला.

मी "नंतर सांगते" म्हणाले. मला राग आला होता, खरं सांगते. घटकाभराने कळलं की उत्तर सुचत नव्हतं म्हणून आला होता. तीन आठवडे झाले. आता लिहूनच टाकते. मराठी अडलं तर बाबाला विचार.

मी तुझ्याएवढी, दहा वर्षांची होते, तेव्हा आमच्या सांगलीच्या खणभागातल्या वाड्यात एकच टीव्ही होता, तो आमचा. माझ्या वडिलांनी, म्हणजे नानांनी, ऑफिसच्या सोसायटीचं कर्ज काढून घेतलेला, ब्लॅक अँड व्हाइट, पुढे सरकतं लाकडी शटर असलेला. 1987 च्या जानेवारीत दूरदर्शनवर रामानंद सागर यांचं 'रामायण' सुरू झालं. दर रविवारी सकाळी साडेनऊला. त्या दिवशी नऊपासूनच आमच्या दारात चपलांचा ढीग पडायचा. माझी आजी, म्हणजे आक्का, आंघोळ करून, सोवळ्याचं नसलं तरी धुतलेलं लुगडं नेसून यायची. ओल्या फडक्याने टीव्ही पुसायची आणि शटरच्या उजव्या कोपऱ्यात हळदीकुंकवाचं बोट लावायची. दर रविवारी, त्याच जागी. त्या लाकडात कुंकू इतकं मुरलं की पुढे कितीतरी वर्षांनी नानांनी तो टीव्ही भंगारवाल्याला दिला, तेव्हाही तो लाल डाग तसाच होता. भंगारवाल्याने तो डाग बघितला आणि टीव्ही उचलायच्या आधी हात कपाळाला लावला. हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

तर आक्काला वाटायचं का, की त्या खोक्यात राम आहे? मीही तिला हेच विचारलं होतं, तुझ्याचसारखं, सगळ्यांदेखत. ती म्हणाली, "आगं, त्यो नट हाय, मला दिसतंय की. पर नाव रामाचं घेतोय न्हवं?"

माझ्या मते ही समज आपल्या लोकांना फार आधीपासून आहे. दादासाहेब फाळक्यांनी 1917 साली 'लंकादहन' काढला. त्यात अण्णा साळुंके नावाच्या एकाच नटाने राम आणि सीता, दोन्ही कामं केली होती. तरीही राम पडद्यावर आला की माणसं पायातले जोडे काढायची, असं सांगतात. एकच माणूस राम आणि सीता झालाय हे त्यांना दिसत नसेल असं मला नाही वाटत. आणि आपल्या देवघरातली ती कमळातली लक्ष्मी, जिला तू 'पिंक लेडी' म्हणायचीस, तीही रवि वर्म्याच्या चित्रावरूनच आली आहे. त्याने 1894 साली मुंबईत छापखाना काढला, नंतर तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि तिथून छापलेले देव घराघरांत पोचले. ज्यांना देवळात पायरीच्या वर येऊ देत नव्हते, त्यांच्याही घरी. फाळक्यांनीही काही काळ त्याच छापखान्यात काम केलं होतं. कागद, रेडिओ, टीव्ही, आता टॅबलेट. आजीचंच बघ ना. ती सात वर्षांची असताना, 1955 च्या रामनवमीला पुणे आकाशवाणीवर 'गीतरामायण' सुरू झालं. गदिमांचे शब्द, सुधीर फडक्यांच्या चाली. वर्षभर दर आठवड्याला नवं गाणं, अशी 56 गाणी. त्यांच्या शेजाऱ्यांच्या रेडिओला त्या वेळी हार घातलेला असायचा, हे ती अजून सांगते. त्या हारातलं फूल हळूच काढलं म्हणून मार खाल्ल्याचंही सांगते.

इथपर्यंत मी आजीच्या बाजूने बोलले. पण तुला सगळं सांगायचं तर आणखी एक रविवार सांगायला हवा.

एकदा रामायण ऐन रंगात आलेलं आणि लाईट गेले. पंचवीस-तीस माणसं अंधाऱ्या खोलीत. पुरुष उठून बाहेर गेले, बायका आणि आम्ही पोरं बसून राहिलो. लाईट येईनात, तेव्हा आक्काने आपणहून गोष्ट सांगायला घेतली. तिची गोष्ट टीव्हीवरच्या कितीतरी पुढची होती. राम-सीता अयोध्येला परत आल्यानंतरची. कैकेयी सीतेला विचारते, रावण दिसायला कसा होता गं? सीता म्हणते, "मी त्याच्याकडं बघितलंच न्हाई. खाली मान घालून बसलेली. पायाचा अंगठा तेवढा दिसला." कैकेयी म्हणते, मग अंगठाच काढून दाखव. सीता भिंतीवर अंगठा काढते आणि कामाला निघून जाते. मग कैकेयी त्या अंगठ्यावरून पाय काढते, पायावरून अंग, आणि दहा तोंडांचा अख्खा रावण भिंतीवर उभा करते. मग रामाला बोलावते. बघ तुझ्या बायकोने कोणाचं चित्र काढलंय.

सांगताना आक्का बोटाने जमिनीवर अंगठा काढत होती. ही गोष्ट तिला तिच्या आईकडून आली होती, जात्यावरच्या ओव्यांतून. पहाटे दळताना बायका सीतेचा सासुरवास गायच्या, त्यात हे होतं. आमच्या समोरच्या काकू पदर डोळ्यांना लावून रडत होत्या. त्यांच्या घरात काय चाललं होतं, ते मला खूप नंतर कळलं. टीव्हीसमोर त्यांना रडताना मी कधी पाहिलं नव्हतं.

लाईट आले तोवर भाग संपला होता.

पुढच्या वर्षी, रामायण संपल्यावर, मी आक्काला म्हणाले, ती अंगठ्याची गोष्ट सांग ना. तर ती म्हणाली, "ते आमचं अडाणी बायकांचं आसतंय. खरं टीव्हीत दावलं. टीव्हीत तसं न्हाई." मी हट्ट केला, रुसले. तिने पुन्हा सांगितली नाही. त्यानंतर तिच्या तोंडून मी ती गोष्ट कधीच ऐकली नाही.

सानू, तुझ्या प्रश्नाने मला बोचलं ते हेच. आक्काने टीव्हीला कुंकू लावलं यात मला काही चुकलेलं दिसत नाही. पण त्या टीव्हीने तिला रामाचा एकच चेहरा दिला, एकच गोष्ट दिली, आणि आपल्या आईची गोष्ट खोटी आहे असं तिला वाटायला लावलं. देशभर तेच झालं असणार. पुढे 1991 साली सीता झालेल्या दीपिका चिखलिया आणि रावण झालेले अरविंद त्रिवेदी दोघंही गुजरातमधून लोकसभेवर निवडून आले. हात जोडले ते कोणाला, हा तुझा प्रश्न तेव्हा आम्हा मोठ्यांनी विचारायला हवा होता. (मी तेव्हा चौदाची होते, म्हणजे मोठ्यांत मी नव्हते, पण आता आहे.) आणि हल्ली फॅमिली ग्रुपवर येतात तसले मेसेज, हा अकरा जणांना पाठवा नाहीतर वाईट होईल, ते मी न वाचता पुसून टाकते. देवाचं नाव घेऊन कोणी घाबरवायला लागलं, तर तूही पुसून टाक. आजी रागावणार नाही. रागावलीच तर मी बोलेन तिच्याशी.

तरी मला त्या रविवारांची आठवण येते. 2020 च्या मार्चमध्ये लॉकडाउन लागलं आणि दूरदर्शनने तेच रामायण पुन्हा लावलं. आजी सांगलीत एकटी होती, नाना गेल्याला दोन वर्षं झाली होती. ती मला व्हिडिओ कॉल लावायची आणि फोनचं तोंड टीव्हीकडे करायची, म्हणजे मलाही दिसेल. मला इथे अर्धा पडदा आणि आजीचा अंगठा दिसायचा. कॅमेऱ्यावर तिचं बोट यायचं. तिला मी कधी सांगितलं नाही. इकडे मध्यरात्र असायची, तू माझ्या शेजारी झोपलेली असायचीस आणि मी तो अंगठा बघत बसायचे.

बॅटरी संपल्यावर आजी कोणाला नमस्कार करत होती, याचं उत्तर मला अजूनही नीट देता येत नाही. ती आरती तिला पाठ आहे. साठ-पासष्ट वर्षं म्हणतेय. मला वाटतं टॅबलेट तिला सुरुवात करून द्यायला लागतो, आणि इथे परक्या घरात, लेकीच्याच पण तरी आपल्या नसलेल्या स्वयंपाकघरात, बरोबर चार माणसं आरती म्हणतायत असं वाटायला लागतो. तू तिच्याशेजारी बसावंस असं मी म्हणत नाही. मी स्वतः किती वेळा बसले? त्या शनिवारी मी डिशवॉशर रिकामा करत होते.

एकच सुचवते, आणि तुला नको वाटलं तर सोडून दे. आजी आक्काची सून. तिनेही अंगठ्याची गोष्ट त्या दिवशी अंधारात ऐकली आहे, माझ्या मागेच बसली होती. आधी म्हणेल, मला कुठे येते. तू चित्रं छान काढतेस. येत्या शनिवारी तिची आरती झाली की वहीवर नुसता एक अंगठा काढ आणि कॅमेऱ्यासमोर धर. पुढचं ती सांगेल.

तुझी,
आई