अ‍ॅम्प्लिफायरचं डिस्टॉर्शन (लाटेचा आकार बिघडणं) ०.०५ टक्के असूनही हळू आवाजात तो खरखरीत का वाटतो? आणि रेडिओच्या ट्रान्समीटरमध्ये याहून कितीतरी जास्त डिस्टॉर्शन कसं चालतं?

कागदावरचा आकडा खोटा नसतो, पण तो कोणत्या पॉवरला मोजलाय ते आधी पाहा. बहुतेक वेळा १ किलोहर्ट्झचा शुद्ध साइन वेव्ह देऊन जवळजवळ पूर्ण पॉवरला मोजतात. तुम्ही रात्री हळू आवाजात ऐकता तेव्हा स्पीकरला जेमतेम ०.१ वॉट जात असेल. ८ ओहमच्या स्पीकरवर ५० वॉट म्हणजे लाटेच्या शिखराला साधारण २८ व्होल्ट, तर ०.१ वॉट म्हणजे फक्त सव्वा व्होल्ट.

हा फरक महत्त्वाचा आहे, कारण आउटपुटच्या दोन ट्रान्झिस्टरपैकी एक लाटेचा वरचा भाग सांभाळतो, दुसरा खालचा. चालू व्हायला प्रत्येकाला बेस आणि एमिटर या टोकांमध्ये सुमारे ०.६ व्होल्ट लागतात. बायस, म्हणजे त्यांना आधीपासूनच किंचित चालू ठेवणारा व्होल्टेज, कमी पडला तर शून्याजवळ दोघेही बंद राहतात आणि लाटेला तिथे खाच पडते. याला क्रॉसओव्हर डिस्टॉर्शन म्हणतात. २८ व्होल्टच्या लाटेत ही खाच दिसतही नाही, सव्वा व्होल्टच्या लाटेचा मात्र मोठा तुकडा खाते. शिवाय यातून निघणारी हार्मोनिक्स (मूळ फ्रिक्वेन्सीच्या पटीतल्या लाटा) वरच्या क्रमांकांची, म्हणजे पाचवी, सातवी, नववी अशी लांबवर पसरलेली असतात. मूळ स्वराखाली ती झाकली जात नाहीत, म्हणून कानाला बोचतात. दुसऱ्या हार्मोनिकचा अर्धा टक्का मी खुशाल सोडून देईन, पण यांचा अगदी थोडा अंशही मला सहन होत नाही.

निगेटिव्ह फीडबॅक, म्हणजे आउटपुटचा थोडा भाग उलटा करून इनपुटला परत देणं, हे सगळं निस्तरेल असं वाटतं. बेल लॅब्जच्या हॅरॉल्ड ब्लॅक यांना ही कल्पना २ ऑगस्ट १९२७ रोजी कामावर जाताना फेरीबोटीत सुचली आणि त्यांनी ती हातातल्या वर्तमानपत्रावरच उतरवली. अ‍ॅम्प्लिफायरच्या इतिहासात याहून मोठं काही घडलं असेल असं मला वाटत नाही. पण ऐन खाचेत आउटपुटचा गेनच (सिग्नल किती पट वाढतो ते) कोसळतो आणि वरच्या फ्रिक्वेन्सीला फीडबॅकसाठी गेन कमी उरतो. म्हणजे गरज असते तिथेच त्याचा जोर ओसरतो.

तपासायचं असेल तर १०० हर्ट्झचा साइन टोन अगदी हळू लावा. नुसती मऊ घूं ऐकू यायला हवी. तिच्यावर भुणभुण किंवा खरखर आली, तर तोच स्पीकर दुसऱ्या अ‍ॅम्प्लिफायरवर लावून पाहा. तिथे स्वच्छ वाजला तर बायसवर संशय घ्यायला जागा आहे. बायसचा प्रीसेट (स्क्रूड्रायव्हरने फिरवायचं बटण) असेल तर सेट गरम होऊ द्या आणि एमिटर रेझिस्टरवरचे मिलिव्होल्ट सर्व्हिस मॅन्युअलप्रमाणे लावा. ०.२२ ओहमवर १० मिलिव्होल्ट म्हणजे सुमारे ४५ मिलिअँपिअर. अंदाजाने वाढवू नका, ट्रान्झिस्टर तापत जाऊन जळतात.

आता रेडिओ. १ किलोहर्ट्झची हार्मोनिक्स २, ३, ५ किलोहर्ट्झला, म्हणजे ऐकू येणाऱ्या पट्ट्यातच पडतात. १४ मेगाहर्ट्झची पडतात २८ आणि ४२ला, तिथे फिल्टर त्यांना सहज अडवतो. एफएममध्ये तर माहिती लाटेच्या उंचीत नसतेच, त्यामुळे क्लास सी (लाटेच्या निम्म्याहून कमी भागातच चालू राहणाऱ्या) अ‍ॅम्प्लिफायरने लाट कापली तरी एकाच फ्रिक्वेन्सीला जुळवलेलं ट्यून्ड सर्किट ती पुन्हा गोल करून देतं.

एसएसबीला (सिंगल साइडबँड: कॅरियर, म्हणजे मूळ रेडिओ लाट, वगळून तिच्या एकाच बाजूने आवाज पाठवण्याची पद्धत) ही सवलत नाही. तिथे आवाज लाटेच्या उंचीतही असतो आणि खरा त्रास इंटरमॉड्युलेशनचा, म्हणजे दोन टोन मिसळून नवे टोन तयार होण्याचा, होतो. माइकमध्ये ७०० आणि १९०० हर्ट्झचे दोन टोन एकदम द्या. एकाच्या दुपटीतून दुसरा वजा केला की ३१०० हर्ट्झ आणि उणे ५०० हर्ट्झ मिळतात. उणे म्हणजे कॅरियरच्या पलीकडच्या बाजूला, थेट शेजाऱ्याच्या फ्रिक्वेन्सीवर. मूळ सिग्नलला इतकं चिकटलेलं हे पिल्लू आउटपुटचा कोणताही फिल्टर वेगळं काढू शकत नाही. उपाय ड्राइव्ह (इनपुटला दिलेला सिग्नल) कमी करण्याचा: अ‍ॅम्प्लिफायर मर्यादेच्या आत असेल, तर ड्राइव्ह १ डेसिबलने उतरवली की ही तिसऱ्या क्रमाची भेसळ साधारण ३ डेसिबलने उतरते.