अपील काढून घेऊ नका ताई, तेच तर तुमच्या हातात आहे

ताई, तुमचं पत्र नीट वाचलं. घणसोली गावठाणातलं घर आणि शिळफाट्याकडची शेती आजोबांपासून चालत आलेली, वडील २००१ ला गेले, आई पण आता नाही, तुमचं लग्न १९८९ चं, वाटणीचा दावा ठाण्याच्या कोर्टाने २०१७ ला फेटाळला, अपील जिल्हा न्यायालयात अजून पेंडिंग आणि दोघं भाऊ म्हणतायत की हरलीसच ना, मग हक्कसोड पत्रावर सही कर आणि अपील काढून घे.

सही करू नका.

२०१७ चा निकाल देणाऱ्या जज साहेबांवर राग धरू नका, मुलासारख्या हिश्श्याच्या मुद्द्यावर त्यांचे हात बांधलेले होते. सुप्रीम कोर्टाने २०१५ ला प्रकाश विरुद्ध फुलावती मध्ये सांगितलं होतं की हिंदू उत्तराधिकार कायद्याची दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, म्हणजे ९ सप्टेंबर २००५ ला, मुलगी आणि वडील दोघं हयात असतील तरच मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखा हक्क, आणि संविधानाच्या कलम १४१ प्रमाणे सुप्रीम कोर्टाने सांगितलेला कायदा खालच्या प्रत्येक कोर्टावर बंधनकारक असतो. त्याच कायद्याला आपल्या महाराष्ट्राची १९९४ ची दुरुस्ती होती पण ती तेव्हा लग्न न झालेल्या मुलींसाठी, तुम्ही त्यातही बसत नव्हता.

पण ११ ऑगस्ट २०२० ला तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा मध्ये फुलावतीचा निकाल चुकीचा ठरवला. हक्क जन्माने येतो, त्यामुळे वडील २००५ ला हयात असण्याची गरज नाही. आता तेच कलम १४१ तुमच्या कामाला येतं, कारण अपील म्हणजे दावाच पुढे चालू असतो आणि जिल्हा न्यायाधीशांना आजचा कायदा लावावाच लागतो. वाटणी व्हायची असेल आणि कुणी मृत्युपत्र केलेलं नसेल तर तिघांना सारखा हिस्सा.

अपील काढून घेतलंत तर २०१७ चा निकाल कायम होईल आणि मग विनीता शर्मा दाखवून काही उपयोग नाही, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४७ मध्येच लिहिलंय की नंतर दुसऱ्या केसमध्ये वरच्या कोर्टाने कायद्याचा मुद्दा फिरवला एवढ्यावर जुन्या निकालाचा रिव्ह्यू, म्हणजे त्याच कोर्टाकडून फेरविचार, मागता येत नाही. तुमच्यासारख्याच बाजू असलेल्या पण अपील न केलेल्या बायका आज इथेच अडकल्यात, फार वाईट वाटतं.

भावांची खरी बाजू एकच असू शकते, आधीच वाटणी झाली होती. २० डिसेंबर २००४ च्या आधीची रजिस्टर्ड वाटणी किंवा कोर्टाचा हुकूम असेल तर ते कायद्यानेच टिकतं. "बाबांनी तोंडी वाटून दिलं होतं" हे मात्र सहसा चालत नाही, त्याला त्या काळचे सरकारी कागद भक्कम लागतात. म्हणून तलाठ्याकडून जुने फेरफार काढाच. वडील गेल्यावर झालेली वारस नोंद म्हणजे वाटणी नव्हे, तिथे तुमचं नाव लागलं होतं का तेही बघा.

तुमच्या वकिलांना सांगा की विनीता शर्माचा निकाल रेकॉर्डवर घ्या, हा मुद्दा अपील मेमोत, म्हणजे अपिलाच्या अर्जात, नसेल तर कोर्टाची परवानगी मागून तो वाढवा, आणि जमीन बिल्डरला जायची भीती असेल तर मनाईचा अर्ज आणि दुय्यम निबंधकाकडे लिस पेंडन्सची, म्हणजे या जमिनीवर दावा चालू असल्याची, नोटीस दोन्ही करा.

भावांच्या नावावर आलेला सिडकोचा साडेबारा टक्क्यांचा प्लॉट (संपादन झालेल्या जमिनीच्या बदल्यात मिळतो तो) मूळ दाव्यात होता का ते पत्रात नाही. नसेल तर या अपिलात तो आपोआप येणार नाही, दावा दुरुस्त करायचा की वेगळा लावायचा हे सिडकोची पूर्ण फाईल बघून वकिलांनी ठरवावं, ती फाईल आधी माहिती अधिकारात मागवा.