आपल्याच गावावरच्या माहितीपटात दिसलेलं खान्देशातलं प्रसिद्ध माणूस कोण?

नासिर शेख. मालेगाव जिल्ह्याने नाशिकचं, पण आम्ही धुळेकर ते खान्देशातच धरतो.

फैजा अहमद खान यांच्या २००८ च्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव' या माहितीपटात नासिरभाई मालेगावचा स्वतःचा सुपरमॅन शूट करताना दिसतात. व्हिडिओ पार्लर चालवता चालवता व्हीसीआर जोडून ते एडिटिंग शिकलेले. ट्रकला हिरवं कापड लावून सुपरमॅनला हवेत उडवायची धडपड चालते, ते बघताना हसू येतं आणि घसाही दाटतो. पैसा नाही, पण कामात हयगय नाही!

मला मात्र जास्त जवळचा वाटतो तो शफीक शेख, सुपरमॅन झालेला पोरगा. अंगाने काडी, पॉवरलूमवर राबणारा, आणि तो वेश चढवला की चेहराच उजळायचा. २०११ मध्ये कर्करोगाने तो गेला.

माहितीपटात गावही नीट भेटतं: मागांचा खडखडाट, लोडशेडिंग, शुक्रवारच्या सुट्टीला थेटराकडे धावणारी पोरं. नासिरभाईंवर पुढे 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' हा हिंदी चित्रपटही आला, पण आधी माहितीपटच बघा. त्यात खरी माणसं आहेत.